शिकागोची आत्या आणि मागे उभी असलेली बाई

११ जून
निवृत्तीनंतर लॉगबुक लिहायचं नाही असं ठरवलं होतं. पण बत्तीस वर्षं इंजिनरूममध्ये दर पाळीला नोंद करणाऱ्या माणसाला नोंदीवाचून काम सुचत नाही. तेव्हा ही वही.

काम: १९५७ सालच्या एका ग्रीक विनोदी सिनेमाला मराठी उपशीर्षकं. स्थळ आमचा हॉल. प्रेक्षक म्हणजे हिची भिशी, बारा जणी, आणि ओढून आणता येतील तेवढे त्यांचे नवरे. मुदत गणपतीच्या आधीची. कल्पना हिचीच. "बॅग भरून डिस्का आणल्यात, एक तरी आम्हाला कळेल अशी दाखवा."

डिस्का खऱ्याच बॅगभर आहेत. ग्रीसमध्ये एकेकाळी रविवारच्या वर्तमानपत्राबरोबर जुन्या सिनेमाची डीव्हीडी फुकट मिळायची. जहाज पिरेयसला लागलेलं असलं की मी कोपऱ्यावरच्या टपरीतून पेपर घ्यायचो, पेपर मेसमध्ये ठेवायचो आणि डिस्क बॅगेत. माझं ग्रीक इंजिनरूमचं: झडप, गळती, तेल, आणि या तिन्हींवरून द्यायच्या शिव्या. बाकीचं या सिनेमांनी शिकवलं.

निवडलेला सिनेमा 'शिकागोची थिया'. लेखन-दिग्दर्शन अलेकोस साकेलारिओसचं, निर्मिती फिनोस फिल्मची. फिलोपिमिन फिनोसने जर्मन ताब्यातल्या अथेन्समध्ये काढलेली ही कंपनी पुढे तिकडची सर्वांत मोठी झाली. गोष्ट सोपी आहे. निवृत्त लष्करी अधिकारी खारिलाओस, कडक शिस्तीचा. घरात चार मुली, चारही बिनलग्नाच्या. अमेरिकेतून त्याची बहीण कालिओपी येते आणि घराची उलथापालथ करते. जुनं सामान बाहेर, नवं आत, मुलींच्या अंगावर नवे कपडे. बाल्कनीतून एखादी वस्तू खाली पडते आणि खालून जाणारा तरुण तक्रार घेऊन वर येतो. तो आला की पुढचं आत्याबाई बघतात.

कालिओपी झालेली येओर्गिया वासिलियादू. जन्म १८९७, म्हणजे या सिनेमात साठीला टेकलेली. लांब नाक, लांब चेहरा, आणि तोफेतून सुटल्यासारखं बोलणं. ग्रीक लोक तिला प्रेमाने 'सुंदर कुरूप' म्हणायचे. हिला ती नक्की आवडणार.

१४ जून
पहिल्याच शब्दाला अडलो. ग्रीकमध्ये 'थिया' म्हणजे मावशी, आत्या, काकू, मामी, सगळ्याच. जुन्या सहकाऱ्याने पाठवलेल्या इंग्रजी फाईलमध्ये अर्थातच 'आंटी'. मी बेधडक 'शिकागोची मावशी' लिहून मोकळा झालो. दहाव्या मिनिटाला लक्षात आलं, की ही तर बापाची बहीण. म्हणजे आत्या.

फरक नुसता शब्दाचा नाही. मावशी लाड करते. आत्या भावाच्या घरी येऊन हुकूम सोडते आणि भाऊ गप्प बसतो, कारण त्याला फ्रॉकमधून... छे, चड्डीतून ओळखणारी ती एकटीच असते. माझी स्वतःची बहीण आमच्याकडे आली की पहिल्या तासात फ्रिजची जागा बदलते. सिनेमाची सगळी गंमत 'आत्या' या शब्दात बसलेली आहे, आणि तो ग्रीकमध्ये नाहीच. बदलून टाकलं: 'शिकागोची आत्या'.

त्याच ओघात: 'निफी' हा एक शब्द ग्रीकमध्ये नवरीलाही चालतो, सुनेलाही आणि भावाच्या बायकोलाही. आपल्याकडे तीन वेगळे मान, तीन वेगळे त्रास. इथे 'वहिनी' आणि उलट बाजूने 'वन्सं' असं ठरवलं. 'वन्सं' टंकल्यावर हिने वाचून पाहिलं आणि म्हणाली, आता मला हा सिनेमा कळला.

२० जून
तांत्रिक दिवस. इंग्रजी फाईल डिस्कला लावली. सुरुवातीला बरोबर, शेवटाकडे बाई बोलून गेल्यावर ओळ उमटते. कारण: सिनेमा सेकंदाला २४ चित्रांनी काढलेला, युरोपातल्या डिस्कवर तो २५ने पळतो. सगळा सिनेमा चार टक्के घाईत, आवाजही किंचित चढा. २४च्या हिशोबाने केलेली फाईल तासाभरात २ मिनिटं २४ सेकंद मागे पडते. संगणकावरच्या उपशीर्षकांच्या प्रोग्रॅममध्ये वेग बदलायची सोय आहे. एक आकडा भरला, सगळं जाग्यावर आलं. आरपीएम जुळल्यावर इंजिन गप्प होतं तसं.

ग्रीक ओळींची दुसरी फाईल उघडली तर पडद्यावर किडे. जुनी ग्रीक अक्षर-संहिता. युनिकोडमध्ये करून घेतली. अर्धा दिवस गेला.

२ जुलै
नावांचा गोंधळ. ग्रीकमध्ये हाक मारताना नावाच्या शेवटचा 'स' गळतो. कोस्तासला हाक मारली की 'कोस्ता', खारिलाओसला 'खारिलाए'. आपल्या संबोधन विभक्तीसारखंच. पण जशीच्या तशी लिहिली तर भिशीला वाटणार माणसं दोन. एकच रूप ठेवलं.

बायकांची आडनावं याहून मजेदार. पुरुष वासिलियादिस, त्याच्या घरची बाई वासिलियादू. हे रूप षष्ठीचं. म्हणजे अक्षरशः 'वासिलियादिसची'. पाटलीणबाई, जोशीणबाई यांच्यापेक्षा वेगळं काय आहे म्हणा.

कामाच्या तक्त्यात बोलणाऱ्यांसाठी अक्षरं ठेवली: क कालिओपी, ख खारिलाओस, चार मुलींना १ ते ४, आणि आई.

९ जुलै
आज तिसऱ्यांदा सगळा सिनेमा ओळीओळीने पाहिला. उपशीर्षकं करणाऱ्याची एक गोची असते. बोलणाऱ्याकडे त्याचं लक्ष नसतं, कारण ती ओळ पाठ झालेली असते. डोळे मोकळे राहतात आणि न बोलणाऱ्यांवर जातात.

खारिलाओस झालेला ओरेस्तिस माक्रिस जुन्या नाटकवाल्यांपैकी, आवाज मोठा, कपाळावरची आठी त्याहून मोठी. समोर वासिलियादू. दोघं भिडले की पडदा भरतो. पण त्यांच्यामध्ये किंवा किंचित मागे एक बाई उभी असते. ती खारिलाओसची बायको. नवऱ्याच्या आवाजाला सवयीने मान खाली घालते, नणंदेच्या थट्टेला हसू येतं ते तोंडातच ठेवते, आणि नवऱ्याने वळून पाहायच्या आत चेहरा सरळ करते. हे सगळं फार तर दोन सेकंदांत. मी मागे नेऊन चार वेळा पाहिलं. तिथे माझ्या फाईलमध्ये काहीच नाही. रिकामी जागा.

तक्त्यात मी तिला नावसुद्धा दिलेलं नव्हतं. तिचं नाव एफ्तेर्पी. कालिओपी आणि एफ्तेर्पी ही दोन्ही ग्रीक पुराणातल्या नऊ कलादेवतांपैकी दोघींची नावं, एक महाकाव्याची, दुसरी बासरीची. साकेलारिओसने मुद्दाम ठेवली की नाही कोण जाणे, पण नणंद महाकाव्य आणि भावजय बासरी हे अगदी बरोबर आहे.

नटीचं नाव एलेनी झाफिरीऊ. तक्ता दुरुस्त केला: 'आई' खोडून 'ए'.

१५ जुलै
झाफिरीऊ हे नाव कुठेतरी वाचल्यासारखं वाटत होतं. काल बॅग उपसली. सापडलं: 'काळ्या कपड्यातली मुलगी', १९५६, दिग्दर्शक मिखालिस काकोयानिस. पुढे १९६४मध्ये त्याचाच 'झोर्बा' जगभर गेला. नायिका एली लाम्बेती, नायक दिमित्रिस खोर्न. हा सिनेमा मी एकदा बंदरात पाहिला होता, पण लाम्बेतीच्या डोळ्यांपलीकडे काही आठवत नव्हतं. तिच्या आईचं काम करणारी एलेनी झाफिरीऊ होती, हे तर नाहीच.

रात्री पाहिला. एक वाजला.

इद्रा बेट, ज्याला नकाशावर हायड्रा म्हणतात. जहाजवाल्यांचं बेट. १८२१च्या स्वातंत्र्ययुद्धात ग्रीकांना ज्यांच्या जहाजांचा आधार होता त्यांत इद्राचे जहाजमालक पुढे होते. त्यांचे दगडी वाडे अजून बंदरावर चढत गेलेले दिसतात. सिनेमातलं कुटुंब अशाच घसरलेल्या खानदानातलं. बाप गेलेला. विधवा आई फ्रोसो, मुलगी मारिना, मुलगा मित्सोस. पोटासाठी घरातल्या खोल्या भाड्याने देतात. अथेन्सहून एक लेखक मित्राबरोबर उतरतो आणि मारिनात गुंततो. गावातले टगे आधीपासून या घरावर टपलेले, कारण गावात बोभाटा आहे, की फ्रोसोचं कुणाशी तरी आहे.

एवढंच तिचं पाप. विधवा आहे, चाळिशीची आहे, आणि तिला माणूस हवा आहे. गाव तिला त्याबद्दल माफ करत नाही. तिचा मुलगा तर नाहीच नाही. मुलगी लाजेने काळ्या कपड्यात आणखी मिटत जाते.

झाफिरीऊ हे काम करताना कुठेही दयेची भीक मागत नाही. तिची फ्रोसो ओशाळते, घाबरते, पण आतून कबूल करत नाही. मला तिच्या खांद्यांकडे बघत बसावंसं वाटलं. वर्षभराने शिकागोच्या आत्यासमोर दबून उभे राहणारे हेच खांदे. तिथे त्यांवर संसाराचं ओझं आहे, इथे गावाच्या नजरेचं. चेहरा तोच आणि मी तो ओळखला नव्हता.

छायाचित्रण वॉल्टर लासालीचं. पुढे 'झोर्बा'साठी त्याला ऑस्कर मिळालं. चुन्याच्या पांढऱ्या भिंती, त्यांवर टळटळीत ऊन, आणि त्यातून चालणारी काळी आकृती. बेटावर मोटारी नाहीत, आजही नाहीत, गाढवं आहेत. त्यामुळे पावलांचा आवाज ऐकू येतो.

शेवटाकडे टगे लेखकाची खोड काढायला एका होडीत पाणी शिरेल अशी व्यवस्था करून ठेवतात आणि त्या होडीत मुलं चढतात. मला तो भाग खुर्चीत बसून पाहवला नाही. माझ्या पाळीत कुणी होडीशी असा खेळ केला असता तर त्याला पुढच्याच बंदरात उतरवलं असतं.

निर्णय: एक नाही, दोन सिनेमे. दोन रविवार. हिला सांगितलं. म्हणाली, दुसरा रडका आहे का? रडका नाही म्हटलं, वाईट आहे.

१८ जुलै
पाऊस. दोनदा वीज गेली. अर्धी फाईल जतन केलेली नव्हती. पुढचं लिहीत नाही.

२५ जुलै
आज भाषांतर कमी, आकडेमोड जास्त. झाफिरीऊचा जन्म १९१६चा. लाम्बेतीचा १९२६चा. म्हणजे आई लेकीपेक्षा दहा वर्षांनी मोठी. आपण कशाला हसायचं? त्याच १९५७ साली 'मदर इंडिया' आला. नर्गिस आणि तिचा मुलगा झालेला सुनील दत्त दोघंही जून १९२९चे, अंतर पाच दिवसांचं. पण नर्गिस त्यानंतर नर्गिसच राहिली. झाफिरीऊ मात्र आई झाली ती कायमची. पुढची कित्येक वर्षं तिच्या वाट्याला रडणाऱ्या, सोसणाऱ्या, वाट पाहणाऱ्या आया आल्या. तिकडे तिला 'ग्रीक सिनेमाची आई' म्हणतात. आपल्या सुलोचनादीदींना जो मान आणि जो पिंजरा मिळाला, तोच. २००४मध्ये ती गेली. मी तेव्हा नोकरीत होतो, त्या वर्षीही पिरेयसला गेलो असणार, पण मला तिचं नाव माहीत नव्हतं.

'मदर इंडिया' ग्रीसमध्येही जोरात चालला होता. तिकडचं नाव 'घामाने भिजलेली जमीन'. पन्नास-साठच्या दशकात हिंदी सिनेमांचं तिथल्या कष्टकरी वस्त्यांत भलतंच वेड होतं. युद्ध, मग यादवी, मग गरिबी यांतून निघालेल्या लोकांना आपला नांगर ओढणारा सिनेमा समजावून सांगावा लागला नाही. पिरेयसच्या एका खानावळीत मी स्तेलिओस काझांजिदिसचं 'मान्दुबाला' पहिल्यांदा ऐकलं तेव्हा हातातला घास थांबला. चाल 'आवारा'मधल्या लताबाईंच्या 'आ जाओ तड़पते हैं अरमाँ'ची. नाव मधुबालाचं. मी मालकाला म्हटलं, ही चाल आमची. तो म्हणाला, अजिबात नाही, ही आमची आहे, माझी आई ही म्हणायची. मग त्याने वाइनचे पैसे घेतले नाहीत.

४ ऑगस्ट
दुसऱ्या सिनेमाच्या नावातच खड्डा आहे. ग्रीक माणसाला 'काळे कपडे' म्हटलं की सुतक कळतं. तिकडे विधवा काळं नेसली की बऱ्याचदा मरेपर्यंत काळंच. आमच्या भिशीला 'काळ्या कपड्यातली' म्हटलं की संक्रांत दिसणार, चंद्रकळा, हलव्याचे दागिने. हिला विचारून खात्री करून घेतली. हिच्या तोंडून पहिला शब्द आला, "तिळगूळ?"

'पांढऱ्या कपड्यातली' करावं असा मोह झाला. पण समोर पडद्यावर काळं दिसत असताना पांढरं लिहायला मी काही पुढारी नाही. 'सुतकातली मुलगी' करून पाहिलं, पण आपलं सुतक बारा-तेरा दिवसांत फिटतं, यांचं फिटतच नाही. नाव तसंच ठेवलं. सिनेमाआधी दोन वाक्यं तोंडी सांगेन.

११ ऑगस्ट
'अहो'वरून घरात मतभेद. ग्रीक बायको नवऱ्याला नावाने आणि एकेरीत बोलावते. मी एफ्तेर्पीच्या तोंडी 'अहो, ऐकलंत का' घातलं होतं, कारण काळ १९५७चा, नवरा लष्करातला, बायको दबलेली. मुलगी फोनवर म्हणाली, "बाबा, 'अहो' लिहिलंत की ती लालबागच्या चाळीतली होते." ही मात्र म्हणाली, "मग होऊ दे की. 'ऐक ना खारिलाओस' म्हणणारी बाई इतकी घाबरेल कशाला?"

दोघींचंही खरं. शेवटी एफ्तेर्पीसाठी नाव आणि 'तुम्ही' असा मधला रस्ता काढला: 'खारिलाओस, जरा ऐका.' कुठल्याच मराठी घरात असं कुणी बोलत नाही. पण हे घर मराठी नाहीच. आत्या मात्र भावाला सरळ 'अरे'.

एक जागा राहिलीच आहे. घरात सून किंवा मुलगी यायची-जायची म्हटलं की 'प्रिका' हा शब्द येतो. हुंडा. तिकडे कायद्याने तो १९८३मध्ये मोडीत निघाला, आपल्याकडे बंदी १९६१पासून. भाषांतराला हा शब्द सगळ्यांत सोपा गेला, एक क्षण विचार करावा लागला नाही.

१७ ऑगस्ट
रंगीत तालीम. पेन ड्राइव्ह टीव्हीला लावला. जोडाक्षरं फुटली. 'खारिलाओस' शाबूत, पण 'एफ्तेर्पी' म्हणजे 'एफ', त्याखाली पाय तुटल्याची खूण, मग 'तेर', मग आणखी एक तुटका पाय. ज्या बाईचं नाव तक्त्यात आणायला महिना लागला तिचंच नाव टीव्हीला उच्चारता येईना. शेवटी ओळी चित्रातच पक्क्या छापून घेतल्या. रात्रभर संगणक चालू.

१८ ऑगस्ट
पहिला रविवार. एकोणीस माणसं, त्यांत नवरे सात. साबुदाणा वडे.

वासिलियादू दारात उभी राहिली आणि हॉल तिचा झाला. बाल्कनीच्या भागात हसण्यात दोन-तीन ओळी वाहून गेल्या. कुणाला त्यांची गरजही पडली नाही. 'वन्सं'ला स्वतंत्र हशा. मागच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं, "आमच्याकडच्या शिकागोला न जाताच अशा."

एफ्तेर्पीबद्दल कुणी काही बोललं नाही. मी मुद्दाम विचारलं नाही.

२५ ऑगस्ट
दुसरा रविवार. अकरा माणसं, नवरे दोन. काळ्या कपड्यांबद्दल सांगितलं, तिळगुळाचा किस्साही सांगितला, हिने डोळे वटारले.

पहिली वीस मिनिटं खुर्च्यांची कुरकुर. मग बंद. फ्रोसोच्या प्रसंगांना कुणीतरी हळूच म्हणालं, "शोभतं का हे, मुलं एवढाली घरात असताना?" त्यावर भिशीतल्या सगळ्यांत ज्येष्ठ बाई, ज्या स्वतः पस्तिसाव्या वर्षी विधवा झाल्या, पडद्यावरची नजर न काढता म्हणाल्या, "चाळीस म्हणजे काय वय असतं का?" नंतर होडीच्या प्रसंगापर्यंत कुणी बोललं नाही.

चहा झाल्यावर मी सांगितलं, की गेल्या रविवारची चार मुलींची आई ती हीच. कुणाचा विश्वास बसेना. पहिला सिनेमा पुन्हा लावून एफ्तेर्पीचा चेहरा थांबवून दाखवला. ज्येष्ठ बाई जवळ जाऊन चष्मा सारखा करून बघत राहिल्या. म्हणाल्या, "तिकडे हिला कुणी बघतच नव्हतं, इथे सगळं गाव बघतंय."

२ सप्टेंबर
दुरुस्त्या. पहिली फाईल: 'अंगण' हा शब्द दोनदा चुकून, घर वरच्या मजल्यावर आहे, तिथे 'गच्ची' हवं. दुसरी फाईल: शेवटच्या दहा मिनिटांत ओळी फार लवकर जातात, ज्येष्ठांना वाचता आल्या नाहीत. प्रत्येकीला अर्धा सेकंद वाढवला, जिथे वाढवता येईना तिथे शब्द कापले. होडीच्या प्रसंगातल्या तीन ओळी पूर्णच काढल्या. तिथे आरडाओरडा आहे, तो भाषेशिवाय समजतो.

डिस्का भिशीत फिरायला गेल्या आहेत. गणपतीनंतर काय दाखवायचं म्हणून विचारणा आली. हिची फर्माईश, "आता एखादी सासू आणा." बॅगेत 'स्टेला' आहे, १९५५चा, काकोयानिसचाच, मेलिना मर्कुरीचा पहिला सिनेमा. त्यात नायकांपैकी एकाची बहीण म्हणून तासो कावादिया आहे. हिने पुढे आयुष्यभर दुष्ट बायका केल्या, तिकडची ललिता पवारच. मर्कुरीला सगळे बघतीलच. तक्त्यात या वेळी पहिलं अक्षर कावादियाचं घातलं आहे.